तळंगी सरकली, पूल राहिला

धोंडुबाईचा दिवस पहाटे चारला सुरू व्हायचा. घरात गजराचं घड्याळ नव्हतं. म्हैस रेकायची, ती उठायची. तिचा नवरा हंबीरराव सातला उठायचा आणि चहा का थंड झाला म्हणून विचारायचा. नाव सेनापतीचं, पण आयुष्यात त्यानं मोहीम म्हणून केली ती गावच्या कट्ट्यापर्यंतच.

चार ते पाच दोन म्हशींच्या धारा. पाचला वस्तीवरच्या बाकी सात घरांचं दूध गोळा. मग वीस लिटरची किटली डोक्यावर, दहाची हातात, आणि शिरगोंडी गावातल्या डेअरीची वाट. भरलेली वीस लिटरची किटली डोक्यावर घेऊन ज्यानं मैलभर चाल केलेली नाही, त्यानं दुधाचा धंदा बरा की वाईट यावर बोलू नये. डेअरीची खिडकी साडेसहाला बंद. एक मिनिट उशीर झाला तरी सेक्रेटरी दूध परत पाठवायचा, आणि परत पाठवताना फॅट चांगली लागली असती असंही सांगायचा.

वस्ती आणि गाव यांच्यामध्ये तळंगी नदी. धोंडुबाईची सगळी कहाणी या नदीची आहे, म्हणून आधी नदी सांगितली पाहिजे.

तळंगी म्हणजे मोठं प्रकरण नव्हे. गडहिंग्लजच्या अंगाला जो उघडाबोडका माळ पसरला आहे, त्याच्या एका खोलगटात पावसाळ्यात पाणी मुरतं, आणि तिथून ती निघते. उगमाला डोंगर नाही, कडा नाही, देऊळ नाही. उगमावर मेंढरं बसतात. कावळा उगमापासून शेवटापर्यंत गेला तर त्याला सात किलोमीटर पडतात, नदीला अठरा. वरचे अकरा ती वळणं घेण्यात घालवते. माळ सपाट, उतार नावापुरता, त्यामुळं तिला कसली घाई नाही. माती मऊ लागली की खाते, खडक लागला की गुमान वळसा घालते. वरच्या गावात तिला ओढा म्हणतात. मधल्या गावांत तळंगी. तळंग म्हणजे अजून अंड्यावर न आलेली कोंबडी. आणि शेवटी ती हिरण्यकेशीला मिळते तिथं तिला कोणी काहीच म्हणत नाही, कारण मिळाल्याचं कोणाच्या लक्षातच येत नाही.

उन्हाळ्यात तिच्यात घोटाभर पाणी. पण जुलैत माळ भिजून गच्च झाला की वरचं सगळं पाणी एकदम खाली येतं आणि हीच तळंग म्हैस ओढून नेते. शेजारच्या लोकांना हे सांगितलं तर हसतात. ज्याची म्हैस गेली तो हसत नाही.

आधी ती गावाच्या अगदी पाठीशी वाहायची. तिथं फरशी होती, म्हणजे पाण्याबरोबरीचा बुटका दगडी रस्ता. पूर आला तर दोन-चार दिवस वाट बंद, एरवी घोटे भिजवून पलीकडे जाता यायचं. एकोणीसच्या महापुरात तळंगीनं वरच्या अंगाला डावा काठ फोडला आणि अर्धा किलोमीटर पश्चिमेला, वस्तीच्या अंगाला, नवी वाट धरली. गाव सोडून गेली आणि वस्तीच्या उंबऱ्याला येऊन बसली. येताना धोंडुबाईचं वीस गुंठे रान घेऊन गेली. सातबाऱ्यावर ते रान अजून आहे. त्यात पीक म्हणून भुईमूग लिहिलेला आहे. डोळ्यांनी बघायला गेलं तर मासे.

जुनं पात्र कोरडं पडलं. नदीचं पात्र म्हणजे सरकारची जमीन. ती सहा महिने रिकामी राहिली. सातव्या महिन्यात गावचे पुढारी अमरसिंह यांनी तिच्यात सरी सोडली आणि ऊस लावला. गाळाची जमीन, ऊस मांडीसारखा आला. म्हणजे धोंडुबाईकडे कागद होता, जमीन नव्हती. अमरसिंहांकडे जमीन होती, कागद नव्हता. दोघांत सुखी कोण, हे सांगायला तलाठी लागत नाही.

नव्या पात्रावर फरशी नाही, काही नाही. उन्हाळ्यात धोंडुबाई पाण्यातून चालत यायची. पावसाळ्याचे चार महिने खालच्या गावच्या पुलावरून नऊ किलोमीटरचा वळसा. डोक्यावर किटली घेऊन नऊ किलोमीटर साडेसहाच्या आत होत नाहीत, कोणाच्यानं होत असतील तर त्यानं करून दाखवावं. मग चार महिने वस्तीचं दूध वस्तीवरच राहायचं. लोक दही लावायचे, ताक घुसळायचे, ताक पिऊन पिऊन कंटाळायचे. वासरं गुबगुबीत झाली आणि घरं वाळली. म्हणून धोंडुबाईला आयुष्यात एकच गोष्ट हवी होती. पावसाळ्यात नदी ओलांडायची सोय.

चार वर्षांनी पुलाची बातमी आली. अमरसिंह स्वतः वस्तीवर आले, घोंगड्यावर बसले, ताक प्यायले. ताक सोडून दुसरं काही द्यायला नव्हतंच.

"पूल बसतोय," ते म्हणाले. "पुढच्या आठवड्यात सर्वेला मॅडम येणार हायत. पर एक करायचं. नदी जुनीच दावायची."

"जुनीत कुठाय नदी, दादा?" धोंडुबाई म्हणाली. "तुमचा ऊस हाय तितं."

"त्येच सांगालोय नव्हं का, आक्का. नवी दावली की सायेब लोक इचारणार, जुनी कुठं गेली. मग जुनी बघणार. मग ऊस कुणाचा, चौकशी, कोर्ट. तवर पूल जातोय दुसऱ्या गावाला. आधी मंजूर होऊ द्या की. मग जागा सरकवू थोडी."

"अर्धा किलोमीटर म्हंजे थोडी व्हय?"

"सरकारी नकाशावर अर्धा किलोमीटर म्हंजे मुंगी हाय मुंगी."

हंबीरराव लगेच म्हणाला, "बराबर हाय दादांचं." न समजलेल्या गोष्टीला तो नेहमी सगळ्यात आधी मान हलवायचा. बाकीची सात घरं धोंडुबाईच्या तोंडाकडं बघत होती. ती व्हय म्हणाली की वस्ती व्हय म्हणणार, असा तिथला रिवाज. तिनं थोडा विचार केला. चार पावसाळ्यांचं ताक तिच्या घशाशी आलं होतं.

"व्हय," ती म्हणाली.

आठवड्यात जुन्या पात्रातला ऊस तोडला. साखर भरायची होती, ऊस कोवळा होता, तरी तोडला. तोडायला रोजानं बायका लावल्या, त्यांत धोंडुबाई होती. मग नव्या पात्रावर पाच मोटारी बसवल्या आणि दीड दिवस जुन्या पात्रात पाणी ओढलं. नदीनं सोडलेल्या वाटेवर नदीलाच पाइपातून परत आणलं. इतकी मेहनत या गावानं कधी शाळेच्या भिंतीसाठी केली नव्हती.

सर्वेच्या दिवशी सकाळी अमरसिंहांचा निरोप आला. "आक्का, चार कापडं घेऊन ये. नदी म्हटल्यावर कोण तरी धुताना दिसाय पायजे."

धोंडुबाईनं घरातली वाकळ नेली. स्वच्छ नेली होती. त्या पाण्यात बुडवली ती काळी झाली. ती दगडावर आपटत बसली आणि वाकळ जितकी धुवावी तितकी घाण होत गेली.

तेजस्वी मॅडम आल्या. बांधकाम खात्याच्या इंजिनिअर, पुण्याकडच्या, वय सव्वीस-सत्तावीस, नोकरीचं दुसरं वर्ष. तीन पायांचं यंत्र, दोन माणसं, आणि हातात पाटीएवढा मोबाइल. त्या पाण्याकडे बघत उभ्या राहिल्या.

"पात्रात ही उसाची बुडखं कशी?"

"पुरात वाहून आली," अमरसिंह म्हणाले.

"वाहून आली आणि एका रांगेत उभी राहिली?"

"हितला पूर शिस्तीचा हाय, मॅडम."

मागं उभे असलेले चार लोक हसले. मॅडम हसल्या नाहीत. त्या धोंडुबाईजवळ आल्या.

"मावशी, इथं पाणी बारा महिने असतं का?"

विचारणारी पोरगी नीट विचारत होती. चप्पल काढून चिखलात उतरून विचारत होती. धोंडुबाईला ते दिसलं. तिनं वाकळीवर एक तडाखा हाणला आणि खाली बघून म्हणाली,

"असतंय की."

मॅडमनी तिचा फोटो काढला. पाणी, दगड, वाकळ आणि धोंडुबाई. मग यंत्र गुंडाळून त्या गेल्या. संध्याकाळपर्यंत पाणी जमिनीत मुरलं आणि आठवड्यात बुडख्यांना कोवळे फुटवे आले. पाणी काही वाया गेलं नाही. अमरसिंहांचा खोडवा, म्हणजे तोडल्या उसाचं दुसरं पीक, त्या पाण्यावर जोरात उठला.

जानेवारीत काम सुरू झालं. ठेकेदार कोणीतरी लांबचा. साइटवर मुकादम होता सोमशेखर, सीमेपलीकडच्या गावचा, कानडीत मोजायचा आणि मराठीत शिव्या द्यायचा. धोंडुबाई बिगारी म्हणून लागली. दूध घालून साडेसहाला थेट साइटवर. हंबीररावानं विचारलं, "तुला काय गरज हाय?" ती म्हणाली, "पूल आपला हाय. आपल्या पुलावर दुसऱ्यानं पाटी का टाकायची?"

पाया खणायला घेतला. पाच फूट, दहा फूट, बारा फूट. सोमशेखर खड्ड्याच्या काठावर बसून विडी ओढत होता.

"धोंडक्का, मी तीस पूल बांधले बघ. नदीत पाया खणायचा म्हंजे पाणी उपसून उपसून माणसाचं कंबरडं जातंय. हितं मी भाड्याचा पंप आणून ठेवलाय. त्यो पंधरा दिस सावलीत झोपलाय."

"मग?"

"मग काय? पाणी लागंना. उंदराची बिळं लागली. ह्यो पूल नदीवर हाय का उंदरावर?"

"तुमाला काय वाटतंय?"

"मला वाटायचा पगार न्हाय गं. बांधायचा हाय." त्यानं विडी विझवली. "हौदु, म्हंजे व्हय, म्हणायचं आनी पाटी टाकायची."

धोंडुबाईनं दोन दिवस वाट बघितली. जागा सरकवायची तर ती आताच, पाया भरायच्या आधी, एवढं कळायला इंजिनिअर व्हावं लागत नाही. तिसऱ्या दिवशी दुपारच्या सुटीत ती अमरसिंहांच्या दारात गेली. ते झोपाळ्यावर होते.

"दादा, उद्या काँक्रीट पडतंय. सरकवायचं कवा?"

"काय?"

"पूल."

अमरसिंहांनी झोपाळा थांबवला. "पूल म्हंजे काय खाट हाय व्हय, आक्का? ऊन आलं की सावलीला सरकवाय?"

"त्या दिशी घोंगड्यावर काय म्हणालतासा?"

"तवा पूल कागदावर हुता. कागद सरकतोय. आता लोखंड आलंय." मग आवाज मऊ केला. "आगं, होतोय हे काय कमी हाय? पुलाच्या पल्याड माझं धा एकर हाय. ट्रक आत जाईल. तुमास्नी बी अर्धी वाट चांगली हुतीय की."

अर्धी वाट. पावसाळ्यात ज्या अर्ध्या वाटेवर काही अडत नव्हतं, ती चांगली होत होती. ज्या अर्ध्या वाटेवर नदी होती, ती होती तशीच. धोंडुबाईनं चपला घातल्या. जाताना एवढंच म्हणाली, "दादा, पुलाखाली ऊस ठेवणार हायसा का काढणार?"

"राहू दे की. कुणाला तरास हाय त्येचा?"

काम रेटत गेलं. खरी गंमत पाणी मारायच्या वेळी झाली. काँक्रीट पडलं की ते रोज भिजवावं लागतं, नाहीतर तडकतं. आणि साइटवर पाण्याचा थेंब नाही. मग टँकर आला. टँकर भरायचा कुठं? नव्या तळंगीत. म्हणजे नदी रोज दोन वेळा टँकरात बसून आपला पूल बघायला यायची आणि भिंतीवरून खाली गळून उसाला जायची. एप्रिलमध्ये टँकर बिघडला तेव्हा सोमशेखरनं बायकांना घागरी दिल्या. अर्धा किलोमीटर जायचं, अर्धा किलोमीटर भरून यायचं, दिवसाला बावीस खेपा. सहाव्या खेपेला मान बोलायला लागते. बाराव्या खेपेला बोलायची बंद होते. उरलेल्या दहा खेपा कुठून निघतात, हे ज्यानं त्या काढल्या त्यालाही सांगता येत नाही. धोंडुबाईनं अकरा दिवस काढल्या. पूल चुकीच्या जागी होता, पण तिनं भिजवलेल्या खांबाला केसाएवढी चीर गेली नाही. काम खोटं असलं तरी हात खोटा चालवायचा नाही, एवढी अक्कल तिला होती. ज्यांना नव्हती ते झोपाळ्यावर होते.

मेमध्ये तेजस्वी मॅडम पाहणीला आल्या. धोंडुबाईनं घागर खाली ठेवली आणि सरळ त्यांच्यापुढं जाऊन उभी राहिली.

"मॅडम, हितं नदी न्हाय."

मॅडमनी आजूबाजूला बघितलं. अमरसिंह लांब ट्रकपाशी होते. त्या हळू म्हणाल्या, "माहीत आहे, मावशी. फेब्रुवारीतच कळलं. पाया कोरडा निघाला तेव्हा."

"मग?"

मॅडमनी बॅगेतून फाइल काढली, चार पानं उलटली आणि एक पान तिच्यापुढं धरलं. रंगीत फोटो. दगड, पाणी, वाकळ आणि धोंडुबाई. खाली दोन ओळी लिहिलेल्या.

"काय लिवलंय?"

"'पात्रात बारमाही प्रवाह. स्थानिक महिलेनं दुजोरा दिला.' त्याखाली माझी सही आहे." त्यांनी फाइल मिटली. "मावशी, हा पूल त्या खांबांवर नाही. ह्या फोटोवर उभा आहे. मी आज लिहिलं की नदी इथं नाही, तर काम थांबेल, चौकशी लागेल. मला विचारतील फोटो कुणाचा. मी तुमचं नाव सांगेन, तुम्ही त्यांचं सांगाल, ते म्हणतील बाईला काय कळतं. पाच वर्षं जातील."

"आनी नव्या पाण्यावर दुसरा?"

"दुसऱ्याचा प्रस्ताव मी आनंदानं करेन. त्याला ग्रामपंचायतीचा ठराव लागतो. ठरावात लिहावं लागेल की नदी सरकली."

म्हणजे जुनी कुठं गेली, ऊस कुणाचा. धोंडुबाईला पुढचं सांगावं लागलं नाही. तिनं घागर उचलली. फोटोतली वाकळ मात्र तिच्या डोळ्यांपुढून हलेना. आयुष्यात तिचा फोटो तीनदा निघाला होता. लग्नात, आधार कार्डाला आणि ह्या फाइलीत. पहिल्या दोन्ही वेळा तिला कोणी काही विचारलं नव्हतं. फक्त ह्या तिसऱ्या वेळी विचारलं होतं, आणि ती खोटं बोलली होती.

जूनच्या पहिल्या आठवड्यात उद्घाटन. मंडप, हलगी, फेटे. मोठे साहेब कोल्हापूरहून आले. अमरसिंहांनी भाषण केलं. "तळंगीमाईच्या दोन तीरांना जोडणारा हा सेतू," असं ते तीनदा म्हणाले. पुलाखाली खोडवा छातीएवढा झाला होता आणि वाऱ्यानं सळसळत होता. नदीची ओटी भरायचा कार्यक्रम होता. साहेबांनी कठड्यावरून वाकून बघितलं आणि विचारलं, "नदी कुठाय?"

बायकांच्या घोळक्यातून धोंडुबाईचा आवाज आला.

"ती आमच्या रानात हाय, सायेब. अर्ध्या किलोमीटरावर. या की, दावते."

"आक्का लई इनोदी हाय," अमरसिंह मोठ्यानं हसले. मग सगळे हसले. साहेबांनी ओटीचा खण-नारळ उसावर टाकला, ऊस वाकला आणि परत उभा राहिला. जेवणात मटण होतं. हंबीरराव दोनदा बसला.

चार दिवसांनी सोमशेखर हिशेब मिटवून गेला. जाताना धोंडुबाईच्या हातात सगळी मजुरी ठेवली आणि म्हणाला, "धोंडक्का, तुझ्यासारखं पाणी मारणारं माणूस तीस पुलांत मिळालं न्हाय. एकतिसाव्याला ये. तितं नदी बघून बांधू."

मजुरी घरात आली त्या रात्री हंबीररावानं मोबाइलचा विषय काढला. कट्ट्यावर सगळ्यांकडं मोठा मोबाइल होता, त्याच्याकडंच बटणांचा. दुसऱ्या दिवशी दूध घालून धोंडुबाई एस.टी.नं तीन गावं पलीकडं गेली. तिथं एक गुऱ्हाळ बंद पडलं होतं. गुऱ्हाळाच्या मागच्या बाजूला काहील पालथी पडली होती. रस उकळून गूळ करायची लोखंडी कढई. आठ फूट रुंद, कमरेएवढी खोल, बूड सपाट.

गुऱ्हाळाचा म्हातारा मालक बाहेर आला. "गूळ काढणार व्हय, पावणं?"

"न्हाय. बसणार हाय."

म्हाताऱ्यानं तिच्याकडं नीट बघितलं. पुराच्या मुलखातला माणूस, त्याला फोड करून सांगावं लागलं नाही. नदीकाठच्या गावांत पुराच्या पाण्यातून माणसं काहिलीतूनच तर काढतात. "बुडाला भोक न्हाय," तो म्हणाला. "ठोकून बघ."

तिनं दगड घेऊन बूड जागोजागी ठोकलं. कान लावून ऐकलं. मग दोन तास घासाघीस केली.

टेंपो गावापर्यंत आला. पुढं तिनं काहील कडेवर उभी केली आणि वस्तीवरच्या सहा जणांनी ती चाकासारखी ढकलत नेली. नव्या पुलावरून नेली. पुलावरून वस्तीच्या उपयोगाचं पहिल्यांदा काही गेलं असेल तर ती ही काहील. गडगडाट ऐकून अमरसिंह कठड्याशी आले.

"काय गं आक्का, गुऱ्हाळ घालालीयास व्हय?"

"न्हाय दादा. तुमचा पूल अर्ध्यावर ऱ्हायलाय. उरल्याला नेऊन बसवालोय."

हंबीरराव मागं मागं चालत होता. "अगं, त्यात बसायचं म्हंजे भज्यागत तेलात पडल्यासारखं. म्या न्हाय बसणार."

"तुमाला कोण बसा म्हणालंय? तुमी काठावर ऱ्हावा. सूचना करा."

नव्या तळंगीच्या अल्याड एक करंज, पल्याड एक बाभूळ. दोहोंना दोर बांधून ताणला. काहिलीला कडी घातली, कडीतून आखूड दोर त्या ताणलेल्या दोरात अडकवला. पहिल्या दिवशी काहील भोवऱ्यासारखी फिरली आणि दोघं जण पाण्यात ओकले. मग तिला कळलं, वजन मधोमध पाहिजे. किटल्या मधे, माणसं कडेनं, उकिडवी, तोंडं आत करून. एकानं दोर हातानं ओढत जायचं. घाई करायची नाही. दोर ओढताना तळवे सोलतात. आठवड्यात घट्टे पडतात. मग सोलत नाहीत.

जुलैच्या तिसऱ्या आठवड्यात तळंगी दोन्ही काठ भरून लालभडक आली. त्या सकाळी तीस लिटर दूध आणि पाच माणसं पलीकडं उतरली. धोंडुबाईनं किटली डोक्यावर घेतली, कोरडी अर्धी वाट चालली, पुलावरून उसावर पाय न ठेवता गावात शिरली. डेअरीच्या खिडकीत सहा वाजून वीस मिनिटं झाली होती. सेक्रेटरीनं दूध घेतलं, भिंतीवरच्या घड्याळाकडं बघितलं, परत तिच्याकडं बघितलं.

"नदीला पूर हाय नव्हं?"

"हाय की."

"मग आलासा कशा?"

"पुलावरनं," ती म्हणाली.

संध्याकाळी वस्तीची सात घरं तिच्या अंगणात आली. काहिलीचे पैसे सगळ्यांनी वाटून घ्यायचे, असं त्यांनी आपापसांत ठरवलं होतं. धोंडुबाईनं ऐकून घेतलं आणि नको म्हणाली. घरं ऐकेनात. एक म्हातारी म्हणाली, "आगं, आमी बी गप बसलोच की त्या दिशी. आमचं बी चुकलंच की."

"गप बसलासा," धोंडुबाई म्हणाली. "बोलले मी. फोटू माझा हाय, तुमचा न्हाय."

आणि तिनं विषय बंद केला. एकाही घराकडून तिनं काही घेतलं नाही. पाच महिने पाटी, बावीस-बावीस खेपा घागरी आणि नदी नसलेल्या पुलावर गाळलेला घाम. त्याच्या मजुरीतून आली एक आठ फुटी काहील, एक कडी आणि नदीच्या रुंदीएवढा दोर.